‘वीस’ म्हणजे पाच: बोलीतली फिनिश कानात कशी बसवायची

प्रश्न विचारणारी मुलगी फिनलंडमध्ये, हेलसिंकीला लागून असलेल्या एस्पोत पदव्युत्तर शिक्षण घेते आहे. विद्यापीठाचे फिनिशचे दोन कोर्स झाले, दोन्हींत पाचापैकी चार मिळाले. धडा वाचला तर समजतो, विभक्ती ओळखू येतात. पण दुकानात गल्ल्यावरची बाई काय म्हणाली ते कळत नाही, लॅबमधले लोक आपापसात बोलतात ते डोक्यावरून जातं, आणि ही स्वतः तोंड उघडते तेव्हा समोरचा दुसऱ्या वाक्याला इंग्रजीवर येतो. पुस्तक बाजूला ठेवून सरळ बोलीच शिकू का, असं ती विचारते. आणि शिकायची तर कुठली, कारण प्रत्येक जण वेगळंच सांगतो.

मी ताम्पेरेत सतरा वर्षं राहते, त्यातली अकरा वर्षं बाहेरून आलेल्या प्रौढांना फिनिश शिकवते. तुझ्यासारखे विद्यार्थी दर सत्रात भेटतात, म्हणून एकेरीवर येते, राग मानू नकोस.

पुस्तक सोडू नकोस. पण पुस्तकाने तुझ्या कानांना एक खोटी अपेक्षा लावून दिली आहे, ती आधी मोडायला हवी. तुझी अडचण बोलण्याची कमी आणि ऐकण्याची जास्त आहे.

माझंच सांगते. पहिल्या उन्हाळ्यात मी ताम्मेलाच्या बाजारात वाटाण्याच्या शेंगा घ्यायला गेले. इथे शेंगा आणि बोरांसारखी रानफळं वजनाने विकत नाहीत, लिटरच्या मापाने विकतात, आपल्याकडच्या मापट्यासारखी. मी भाव विचारला. बाई म्हणाली, ‘वीस एउरोऽ.’ मी मुकाट्याने वीसची नोट काढली. देश महाग आहे हे ऐकून होते, त्यामुळे लिटरभर शेंगांना वीस युरो पडतात यावर माझा चटकन विश्वास बसला. तिने पंधरा परत दिले आणि काहीतरी बोलली, ते मला अर्थातच कळलं नाही. पुस्तकात पाचाला ‘वीसि’ म्हणतात. बोलताना शेवटचा ‘इ’ गळतो आणि उरतो तो ‘वीस’. शंभराला ‘साता’ म्हणतात हेही जाता जाता सांगून ठेवते. मराठी कानाने फिनिश आकडे ऐकायचे नसतात.

पुढे जायच्या आधी लिहिण्याबद्दल एक खुलासा. मी फिनिश शब्द देवनागरीत लिहिते आहे. ‘इ’ आणि ‘उ’ ऱ्हस्व-दीर्घ जसे लिहिलेत तसेच म्हण. ‘आ’, ‘ए’, ‘ओ’, ‘ॲ’ नुसते असतील तर आखूड, पुढे अवग्रह (ऽ) असेल तर दुप्पट लांब. ‘यु’ दिसला की ‘य’ म्हणायचा नाही: जीभ ‘इ’साठी ठेवायची आणि ओठ ‘उ’चे करायचे. आणखी एक स्वर आहे, ओठ ‘ओ’चे आणि जीभ ‘ए’ची, तो मी टाळलाच आहे. साउनाच्या तापलेल्या दगडांवर पाणी टाकल्यावर जी वाफ उठते तिच्या शब्दात हे दोनच स्वर आहेत, म्हणजे इथला सगळ्यांत लाडका शब्द मराठीत लिहिताच येत नाही.

आता मूळ मुद्दा. समज, हेलसिंकीची एक मुलगी पुस्तकावरून मराठी शिकली. ‘तू काय करत आहेस?’, ‘मी घरी जात आहे’, ‘मला माहीत नाही’. ती पुण्यात उतरते आणि तिच्या कानावर पडतं ‘काय करतीयेस?’, ‘घरी चाललीये’, ‘माहीत नाहीये’. ‘चाललीये’ तिच्या शब्दकोशात कुठेच सापडणार नाही. आपण मात्र त्याला अशुद्ध म्हणत नाही, स्लँग तर नाहीच. शिकलेली माणसंही असंच बोलतात. फिनिशमध्ये हेच आहे, फक्त लिहिणं आणि बोलणं यांतलं अंतर आपल्यापेक्षा मोठं आहे.

ते मोठं का झालं, यामागे इतिहास आहे. मिकाएल आग्रिकोला या धर्मगुरूचं पहिलं फिनिश पुस्तक, मुळाक्षरांचं, 1543 सालचं. त्याने तुर्कूच्या बाजूची पश्चिमेकडची बोली धरली होती. एकोणिसाव्या शतकात सुशिक्षितांमध्ये वाद झडले की ग्रंथांची भाषा पश्चिमेची ठेवायची की पूर्वेची. शेवटी तडजोड झाली: सांगाडा बराचसा पश्चिमेचा, त्यात पूर्वेकडचे शब्द आणि रूपं घातली. 1863 मध्ये, फिनलंड रशियाच्या ताब्यात असताना, झारच्या आज्ञापत्राने फिनिशला सरकारदरबारी जागा मिळण्याची वाट मोकळी झाली, आणि वापरायला ही घडवलेली भाषा तयार होती. म्हणजे पुस्तकी फिनिश ही कुठल्याच गावाची घरची भाषा नव्हती. त्यातला ‘द’ घे. बोलींमध्ये त्या जागी कुठे ‘र’, कुठे ‘ल’, तर कुठे काहीच नाही. स्वीडिश वळणाने लिहिल्याप्रमाणे वाचायची सवय लागली आणि ‘द’ शाळेतून आला. म्हणून ‘मला माहीत नाही’ हे पुस्तकात ‘एन मिनॅ तिएदॅ’ असतं आणि तोंडात ‘एम्मॅ तीॲ’ होतं. तीन शब्दांचा जवळजवळ एक झाला, ‘न’ पुढच्या ‘म’मध्ये विरघळला, ‘द’ गेला. हे चारदा मोठ्याने म्हण. इथे हे वाक्य दिवसातून इतक्या वेळा ऐकू येतं की मोजायला गेलीस तर थकशील.

महत्त्वाची गोष्ट अशी की ही झीज नियमाने होते. नियम बसले की ऐकलेल्या तुकड्यावरून पुस्तकातलं रूप डोळ्यांसमोर उभं राहतं. सर्वनामांपासून सुरुवात कर. ‘मिनॅ’ (मी) चं ‘मॅ’, ‘सिनॅ’ (तू) चं ‘सॅ’. माझं, तुझं: ‘मुन’, ‘सुन’. माझ्याकडे, तुझ्याकडे: ‘मुल्ला’, ‘सुल्ला’. पुस्तकात ‘माझी गाडी’ म्हणायला दोन्ही टोकांना खूण लावतात, ‘मिनुन आउतोनि’. बोलताना मागची खूण गळते: ‘मुन आउतो’. माझ्याबरोबर हे ‘मिनुन कान्स्सानि’ असं लांबलचक शिकली असशील, लोक म्हणतात ‘मुन काऽ’. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं कोणीतरी वाक्य अर्धवट सोडलं.

क्रियापदांत मोजकीच पण सतत लागणारी रूपं आखडतात. ओलेन (आहे) चं ओऽन, मेनेन (जाते) चं मेऽन, तुलेन (येते) चं तून. नाही या अर्थाचं ‘एइ ओले’ होतं ‘एइ ओऽ’. पुस्तकाला धरून राहा म्हणते ते याचसाठी. ‘मेऽन’ नुसतं पाठ केलंस तर ‘गेले असते’ याचं ‘मेनिसिन’ कुठून आलं ते कधी कळणार नाही, कारण मूळ अंग ‘मेने’ आहे आणि ते फक्त पुस्तकी रूपात धड दिसतं. ज्यांनी फक्त मित्रांकडून ऐकून फिनिश उचलली असे विद्यार्थी माझ्याकडे येतात. पहिलं वर्ष ते तुमच्या पुढे असतात, दुसऱ्या वर्षी अडकतात.

आम्ही जातो हे पुस्तकात ‘मे मेनेम्मे’. हे रूप रोजच्या गप्पांत मी फारसं ऐकलेलं नाही. लोक म्हणतात ‘मे मेन्नॅऽन’, आणि ‘मेन्नॅऽन’ हे व्याकरणात कर्त्याविना चालणारं रूप आहे. इंग्रजीतून शिकणारे इथे गोंधळतात, आपण गोंधळायचं कारण नाही. आपण ‘जायचं का?’ म्हणतो त्यात कर्ता कुठे असतो? ‘मेन्नॅऽक्स?’ म्हणजे बरोब्बर ‘जायचं का?’. उत्तर ‘मेन्नॅऽन’, म्हणजे ‘चला, जाऊ’. असंच ‘कातोताऽन’, पुस्तकातलं ‘कात्सोताऽन’, म्हणजे ‘बघू’. आपल्या ‘बघू’सारखंच. त्यात होकार शोधायला जाऊ नकोस.

प्रश्नाचा ‘को’ बोलताना ‘क्स’ होतो: ‘ओन्को सिनुल्ला’ (तुझ्याकडे आहे का) याचं ‘ओन्क्स सुल्ला’. किंवा सर्वनामच क्रियापदाला चिकटतं: ‘तुलेत्को सिनॅ?’ चं ‘तूत्सॅ?’, म्हणजे येतेस का? आता गल्ल्यावरच्या बाईकडे परत जा. ती दिवसभर तीन-चारच वाक्यं बोलते. दुकानाचं कार्ड आहे का: ‘ओन्क्स कोर्त्ती?’ पावती हवी का: ‘कुइत्ती?’ कॅफेत असशील तर आणखी काही का: ‘तुलेऽक्स मूता?’ तू ‘ओन्को’, ‘कुइत्तिआ’, ‘तुलेऽको’ ऐकायला कान टवकारून उभी असतेस आणि ते येतच नाहीत. ‘कुइत्तिआ’चं ‘कुइत्ती’ का झालं? शेवटी दोन वेगळे स्वर आले की बोलीत दुसरा पहिल्यासारखा होतो. काह्विआ (कॉफी) चं काह्वी, सुओमेआ (फिनिश भाषा) चं सुओमेऽ. हा एक नियम नीट कळला की अर्ध्या वाक्यांच्या शेपट्या ओळखू येतात.

‘से’बद्दल थोडं जास्त सांगावंसं वाटतं. पुस्तक सांगतं की माणसासाठी ‘हॅन’ आणि वस्तूसाठी ‘से’. प्रत्यक्षात लोक स्वतःच्या आईलाही ‘से’ म्हणतात, आणि ‘ते’ लोक म्हणजे ‘ने’, क्रियापद एकवचनी: ‘ने ओन’. यात अनादर नाही. माणूस आणि वस्तू अशी वाटणी व्याकरणकारांनी लिहिण्यासाठी पक्की केली. जुन्या बोलींत ‘हॅन’चं काम वेगळंच होतं: कोणाचं बोलणं सांगताना ‘ती म्हणाली की आपण येतो’ यातल्या ‘आपण’सारखं. गंमत म्हणजे घरातला कुत्रा मात्र पुष्कळदा कौतुकाने ‘हॅन’ होतो. अहो-जाहोत वाढलेल्या आपल्या माणसांना प्राध्यापकाला ‘सॅ’ म्हणताना जीभ अडखळते, पण ते अडखळणं इथे कोणाला दिसतही नाही. आदरार्थी बहुवचन आहे, ते खूप म्हाताऱ्या अनोळखी माणसांसाठी राखून ठेव.

आता कानाचं खरं काम. फिनिशमध्ये लांबी हा अर्थ असतो. ‘तुलि’ म्हणजे आग, ‘तूलि’ म्हणजे वारा, ‘तुल्लि’ म्हणजे जकात. मराठी माणसाला द्वित्त उच्चारता येतं, त्यात आपण इंग्रजांच्या पुढे आहोत. पण आपला कान त्याचा अर्थ चुकीचा लावतो. आपल्याकडे ‘आता’ आणि ‘आत्ता’ यांत फरक जोराचा आहे, शब्द तोच. त्यामुळे फिनिश द्वित्त ऐकलं की आपल्याला वाटतं, माणूस जोर देतोय. तो जोर देत नसतो, दुसराच शब्द बोलत असतो. स्वरांचं तर आणखी अवघड, कारण मराठीत आपण ऱ्हस्व-दीर्घ वहीत पाळतो, तोंडात नाही. ‘तापाऽन सिनुत’ म्हणजे तुला भेटेन. मधला ‘आ’ आखूड राहिला तर ‘तापान सिनुत’, म्हणजे तुला ठार मारेन. ही जोडी इथे प्रत्येक शिक्षक सांगतो, मीही सांगते, कारण त्यानंतर वर्गातले सगळे स्वर निदान आठवडाभर लांब राहतात. तसंच ‘नॅइन’ म्हणजे पाहिलं. ‘ॲ’ ढिला पडून ‘नाइन’ झालं तर लग्नापासून पुढचं काहीही.

आणि एक गोष्ट पुस्तकं उशिरा सांगतात, काही सांगतच नाहीत. काही शब्दांच्या शेवटी एक न लिहिलेली कळ असते. तिच्यामुळे पुढच्या शब्दाचं पहिलं व्यंजन दुप्पट होतं. लिहायचं ‘तुले तॅन्ने’ (इकडे ये), म्हणायचं ‘तुलेत्तॅन्ने’. गुरुवारी इथल्या कँटीनमध्ये वाटाण्याचं घट्ट सूप असतं, लिहिताना ‘हेर्नेकेइत्तो’, बोलताना ‘हेर्नेक्केइत्तो’. तू दोन ओळखीचे शब्द ऐकतेस आणि तरी कळत नाही, तेव्हा बऱ्याचदा हा सांधा आड आलेला असतो.

एक उपाय माझ्या मराठी विद्यार्थ्यांना मी देते, इतरांना देता येत नाही. फिनलंडच्या सार्वजनिक प्रसारण संस्थेच्या, म्हणजे ‘युले’च्या, आरेऽना या सेवेवर गप्पांचा किंवा सामान्य माणसांच्या घरात घडणारा कार्यक्रम काढ. बातम्या नकोत. सोप्या फिनिशमधल्या बातम्या छान आहेत, पण त्या पुस्तकी भाषेत असतात आणि ती तुला येतेच. कार्यक्रमाचे अर्ध्या मिनिटाचे तुकडे कर. पडद्याखालची अक्षरं (सबटायटल्स) बंद ठेवून पाच वेळा ऐक आणि जे ऐकू आलं ते देवनागरीत लिही. रोमन लिपीत लिहायला गेलीस की हात पुस्तकातलं स्पेलिंग लिहितो, कान बाजूला राहतो. देवनागरीत जोडाक्षर काढायचं की नाही हे ठरवावंच लागतं, म्हणून ऐकावं लागतं. मग फिनिश अक्षरं सुरू कर. ती बोलण्यापेक्षा बरीचशी पुस्तकी भाषेकडे झुकलेली असतात, आणि तेच आपल्या फायद्याचं. ऐकलंस ‘एम्मॅ तीॲ’, खाली दिसतं ‘एन तिएदॅ’. दोन्हींमधला दुवा तूच जोडलास तर तो राहतो. महिनाभर रोज एक तुकडा पुरे. महिन्यानंतर देवनागरी सोडून दे, कारण तोवर ते दोन न मावणारे स्वर त्रास द्यायला लागलेले असतील.

वाचायलाही बोली मिळते. लॅबच्या व्हॉट्सॲप गटात लोक जसं बोलतात तसंच टाइप करतात. ‘मुत’, ‘सित’, ‘एत’ असे तुकडे दिसतील, ते ‘मुत्ता’ (पण), ‘सित्तेन’ (मग), ‘एत्तॅ’ (की) यांचे. पहिल्यावर मराठी मुलं हसतात, हसून घे एकदा. भाषांतराची यंत्रं इथे अजूनही अडखळतात, त्यामुळे स्वतःच डोकं चालवावं लागतं, हे बरंच आहे.

जाता जाता: इंग्रजीचा पूल वापरू नकोस. मराठीत विचार केलास तर फिनिशचे निम्मे कोपरे आपोआप वळतात. ‘कातु’ म्हणजे रस्ता आणि ‘कादुल्ला’ म्हणजे रस्त्यावर. रस्ता-रस्त्या असं आपलं सामान्यरूप होतं तसंच तिथे ‘त’चा ‘द’ होतो, मग प्रत्यय लागतो. इंग्रजीत ‘मी भूक बाळगतो’ की ‘मी भुकेला आहे’ असा घोळ घालत बसण्यापेक्षा ‘मला भूक आहे’ धर: ‘मुल्ला ओन नॅल्कॅ’. ‘मला जायला हवं’ यात आपला कर्ता जसा ‘मी’ राहत नाही, तसाच तिथेही राहत नाही: ‘मुन पितॅऽ मेन्नॅ’. एस्पोतल्या वर्गात शिकवणं इंग्रजीतून चालतं म्हणून तूही इंग्रजीतून शिकावंस असं काही नाही.

आता लोक इंग्रजीवर का येतात ते. तुला वाटतं, उच्चार वाईट म्हणून. माझ्या अनुभवात कारण बहुतेक वेळा पहिल्या दीड सेकंदात असतं. तू वाक्य जुळवताना गप्प होतेस, किंवा इंग्रजी ‘अम्म’ करतेस, चेहऱ्यावर मदतीची याचना येते, आणि समोरचा सभ्यपणे मदत करतो. त्या दीड सेकंदासाठी फिनिश आवाज लागतात. ‘तोता…’ हा सर्वांत कामाचा. हिंदीतला पोपट आठवला की विसरणार नाहीस. अर्थ काहीच नाही, आपल्या ‘म्हणजे…’सारखा. ‘तोता’ म्हणून तू कितीही विचार करू शकतेस, कारण आपण फिनिशमध्ये आहोत हे त्याला कळलेलं असतं. वाक्याच्या मध्ये अडलीस तर ‘नीन्कु’. कळलं नाही तर ‘ॲन्तेऽक्स’ नव्हे, ‘आन्तेऽक्स, मितॅ?’ (पहिला स्वर साफ ‘आ’). आणि तरीही तो इंग्रजीत शिरलाच तर सरळ म्हण: ‘मॅ ओपेत्तेलेन सुओमेऽ, वोइदाऽन्क्स पुहू सुओमेऽ?’ मी फिनिश शिकतेय, फिनिशमध्ये बोलू या का. याला नाही म्हणणारा माणूस मला अजून भेटलेला नाही. घाईत असलेले भेटलेत.

ऐकतानाही आवाज द्यावा लागतो. ‘योऽ’ (हो), ‘नीन’ (बरोबर), ‘आहाऽ’. काही जण, विशेषतः बायका, हे ‘योऽ’ श्वास आत घेत म्हणतात. माझी शेजारीण बोलताना असा श्वास ओढायची तेव्हा मला वाटायचं हिला दमा आहे. आणि ‘नो नीन’. हे दोन शब्द आपल्या ‘चला’, ‘बरं’, ‘झालं’, ‘बघ, म्हटलं नव्हतं?’ या सगळ्यांच्या जागी येतात. फरक फक्त सुराचा. मीटिंग सुरू होते ‘नो नीन’ने आणि संपतेही त्यानेच. मात्र फिनिश माणूस उत्तराआधी थांबतो, ती शांतता भरून काढू नकोस. आपल्याला दोन सेकंदांची शांतता म्हणजे भांडण वाटतं. तो फक्त विचार करत असतो.

बोलायला जागा कुठे, हेही तू विचारलं आहेस. ग्रंथालयांत भाषा-कॅफे भरतात, तिथे जा, पण तिथे सगळे सावकाश आणि जपून बोलतात. खरी बोली कामाच्या आजूबाजूला मिळते. तुझ्या इमारतीच्या दारावर वसंतात ‘तालकोऽत’ची चिठ्ठी लागेल. सगळ्यांनी मिळून अंगणातली पानं गोळा करायची, शेवटी कॉफी आणि भाजलेली सॉसेजं. आपल्या गावाकडच्या इरजिकीच्या जवळची गोष्ट आहे. हातात दंताळं असलं की बोलण्याचं ओझं राहत नाही, वाक्यं आखूड असतात, आणि ‘हे घे’, ‘ते तिकडे ठेव’ यांत ‘तॅऽ’ (हे) आणि ‘तोइ’ (ते) शंभर वेळा ऐकू येतात, पुस्तकातले ‘तॅमॅ’ आणि ‘तुओ’ एकदाही नाही. साउनाही तशीच. ताम्पेरेत पिस्पालाला 1906 पासूनची रायापोर्त्ति नावाची सार्वजनिक साउना अजून चालू आहे. माझं फिनिश जितकं तिथल्या बाकावर सुधारलं तितकं कुठल्याच वर्गात नाही. अंधारात चेहरा दिसत नाही, त्यामुळे तू परकी आहेस हे लोक पटकन विसरतात.

स्लँगच्या मागे लागू नकोस. हेलसिंकीची जुनी शहरी भाषा स्वीडिश आणि रशियन शब्दांनी भरलेली आहे, ऐकायला मजेदार आहे, पण सहा महिन्यांच्या पाहुणीच्या तोंडी ती उसनी वाटते, नुकत्याच मराठी शिकलेल्या माणसाने ‘काय भावड्या’ म्हणावं तशी. स्वतः बोलताना मी वर दिलेलीच झीज वापर: मॅ, सॅ, ओऽन, मेऽन, से, मे मेन्नॅऽन, आकड्यांतले गळलेले ‘इ’. पंचवीसला ‘काक्सिक्युम्मेन्तॅवीसि’ म्हणेपर्यंत बस निघून जाते, ‘काक्सक्युत्वीस’ म्हण. एवढ्याने तू कुठेही साधी, नैसर्गिक वाटशील. बाकीचं कानापुरतं.

लिहिताना मात्र जपून. पुढे नागरिकत्वासाठी भाषेची राष्ट्रीय परीक्षा दिलीस तर सहापैकी तिसरी श्रेणी लागते. मध्यम पातळीच्या लेखी भागात मित्राला निरोपही असतो आणि औपचारिक पत्रही. मित्राला ‘मॅ ओऽन’ चालून जाईल, कार्यालयाला ‘ओलेन’च. हा फरक तुला आधीच कळतो, कारण तूही आईला ‘येतीये’ लिहितेस आणि अर्जात ‘येत आहे’.

राहिला तुझा शेवटचा प्रश्न, कुठली बोली. पूर्वेला आणि लॅपलंडच्या बाजूला ‘मिए’ ऐकशील, इथे ताम्पेरेत आणि तुर्कूत ‘मॅऽ’. उत्तरेतल्या ओउलुकडचे लोक व्यंजनांच्या मध्ये स्वर घुसवतात, तिनाला ‘कोल्मे’ऐवजी ‘कोलोमे’. ‘ओउलुचा आहेस का, पोलिसाला भितोस का’ अशा अर्थाचं त्यांचं एक वाक्य सगळ्या देशाला पाठ आहे, ते त्यांच्याच उच्चारात म्हणून दाखवायला कोणालाही सांग, हसत सांगतील. तू एस्पोत आहेस तोवर ‘मॅ’. नोकरी ताम्पेरेला लागली तर पहिल्या आठवड्यात काही बदलू नकोस. सकाळी ट्रॅममध्ये ओळखीचं कोणी ‘मोइ’ऐवजी ‘मोरो’ म्हणेल, तूही ‘मोरो’ म्हण. अवग्रह हिवाळ्यापर्यंत आपोआप येतो.